भाकरीची आण

दोन हजार लिटरची ती काळी टाकी विकायची नाही, असा सिद्धलिंगप्पांच्या दुकानात सात वर्षांपासून नियम आहे, आणि तो सिद्धलिंगप्पांनी केलेला नाही. त्यांना विचारतंय कोण? सोलापुरात नळाला पाणी चार-पाच दिवसांआड येतं, त्यामुळे टाक्यांचा धंदा बरा चालतो. गिऱ्हाईक येतं, नेमकं त्याच टाकीवर बोट ठेवतं आणि मालकाला सांगावं लागतं, "ती सोडून कुठलीबी घ्या." कारण त्या टाकीला हार घातलेला असतो. लोक आत वाकून डोकं टेकवतात. पुण्याची एक पोरगी आत उतरून तासभर बसली आणि रडून बाहेर आली. "सात वर्षांत त्या टाकीत तेवढंच पाणी आलंय," सिद्धलिंगप्पा म्हणाले. पण तेही हळूच, कारण पोरीनं जाताना दोन छोट्या टाक्या घेतल्या होत्या.

हे सगळं त्यांच्या मुलाचं, नंदीशचं कर्तृत्व.

नंदीश गायचा, गिटार वाजवायचा आणि गाणीही स्वतःच लिहायचा. बास गिटारवर चंद्रिका आणि ड्रमवर मुबीन. तिघं एका कॉलेजातले, तालीम दुकानामागच्या गोदामात. शेजारपाजार बोंब मारायला लागला, तेव्हा आवाज बाहेर कमी जावा म्हणून नंदीश माईक घेऊन रिकाम्या टाकीत उतरला. बाहेर जायचं ते कमी गेलं नाहीच, पण टाकीत आवाज असा काही घुमला की चंद्रिका वाजवायची थांबली आणि म्हणाली, "नंद्या, आता बाहेर येऊच नको."

बँडचं नाव 'पाचवा दिवस'. पाचव्या दिवशी पाणी यायचं, आळीतली झाडून सगळी माणसं हंडे-कळश्या भरण्यात गुंतायची, कुणाला भांडायला सवड नसायची, म्हणून तालीम त्याच दिवशी. इतकी साधी गोष्ट. पुढं कुणा विद्वानानं लेख लिहिला की पाचवा दिवस म्हणजे पंचमहाभूतांतलं पाचवं, आकाश. आता बोला! आकाशातून सोलापूरला कधी काय पडलंय?

त्यांचं एक गाणं होतं, 'डोळ्याला हाय की'. "नळाला न्हाय, न्हाय तर न्हाय, डोळ्याला हाय की," एवढंच पालुपद. चंद्रिकानं ते मोबाइलवर धरलं आणि इंटरनेटवर टाकलं. तीन आठवड्यांत अशी काही धमाल उडाली की विचारू नका. रिक्षावाले ते लावायचे, शाळेतली पोरं म्हणायची, बेंगळुरूच्या कन्नड पोरांनासुद्धा पाठ. चार महिन्यांत अकरा कार्यक्रम झाले, त्यातला एक बेंगळुरात.

मग मुंबईचा एक मॅनेजर आला. गुळगुळीत माणूस. म्हणाला, "गायक सोन्यासारखा आहे. मुलगी चालेल. ड्रमवाला मात्र वरातीतला वाटतो, तो बदला." आता मुबीन वरातीतलाच होता. त्याचे अब्बा बडेसाब यांचा लग्नाचा बँड होता आणि मुबीन चालायला शिकला तो त्या बँडच्या मागं मागंच. तिघं मॅनेजरला काही न बोलता उठले आणि तडक नंदीशच्या स्वयंपाकघरात आले. तिथंच आण घ्यायची ठरली, पण कुणाची? देव तिघांचा एक नाही. नंदीशची आई महादेवी भाकऱ्या थापत होती. तिनं तव्यावरची गरम भाकरी ताटात टाकली. "हिच्यावर घ्या. भूक तर तिघांची एकच हाय की."

तिघांनी भाकरीवर हात ठेवला. तिघं असू तरच गाऊ, न्हाईतर न्हाई. तिघांत भाकरी मोडली आणि खाल्ली. महादेवीनं वर बजावलंही. तिच्या माहेरी, अक्कलकोटकडं, भाकरीवरची आण मोडली तर अन्न अंगी लागत नाही म्हणतात. सुटायचंच झालं तर ज्याच्यासाठी आण घेतली त्यानं आपल्या हातानं भाकरी मोडून द्यायची आणि 'सोडला' म्हणायचं. दुसरा रस्ता नाही.

दोन महिन्यांत बडेसाबांना झटका आला. डावी बाजू गेली. ऐन लग्नसराई, बारा माणसांचं पोट त्या बँडवर. मुबीन म्हणाला, "एवढा सीझन काढू दे." एक सीझन गेला, दुसरा गेला, तो काही परतला नाही. नंदीश तावातावानं त्याच्या घरी गेला आणि दारातच बोलून बसला, "तुला वरातच बरी!" जीभ एकदा घसरली की घसरली. मुबीननं दार लावून घेतलं. तेव्हापासून दोघांत अबोला.

नंदीशनं सगळं बंद केलं. कार्यक्रम रद्द, इंटरनेटवरचं पान बंद, कारण काही नाही. लोकांना काय वाटलं असेल? वाटलं की हा मोठा माणूस आहे. पैशाला लाथ मारली, मौन धरलं! त्यातून पीएचडी करणाऱ्या एका पोरीला महादेवीनं चहा पाजता पाजता आणेची गोष्ट सांगून टाकली, मग तर बघायलाच नको. दर पाच मेला, पाचव्या महिन्याच्या पाचव्या दिवशी, गोदामापुढं माणसं जमायला लागली. स्वतःला 'तहानलेले' म्हणवतात. येताना रिकामी बाटली आणायची, भाकरी मोडायची आणि गप बसायचं. पहिल्या वर्षी नऊ जण होते. गेल्या वर्षी चारशे.

आणि इकडं नंदीशची अवस्था? चौतिसाव्या वर्षी माणूस स्वतःच्या घरात चोरासारखा राहत होता. एकदा गिऱ्हाइकाला झाकण फिरवून दाखवताना तो नकळत गुणगुणला. समोरच्यानं मोबाइल काढला. ते साडेचार सेकंद लाखभर लोकांनी ऐकले आणि नागपूरच्या एकानं त्यावर दहा पानं लिहिली. तेव्हापासून नंदीश दुकानात दातांवर दात ठेवून बसे. भजनाला गेला की शेजारचा टाळ थांबवून त्याच्या तोंडाकडं बघे. लग्नाला गेलं की लोक फोटो काढत. करकंबहून स्थळ आलं, तर मुलीच्या मामानं पहिलाच प्रश्न विचारला, "पावणं बोलत्यात तरी का?"

"अव्वा, अकरा गाणी छातीत अडकलीत," नंदीश जेवताना आईला सांगायचा. "पण मुबीन सुटू देत न्हाई." आणि महादेवीला घास जायचा नाही. भाकरी तिचीच होती ना.

यंदा एप्रिलात चंद्रिका रविवारी आली. ती आता पॉलिटेक्निकला शिकवते, तिथली पोरं तिला टरकून असतात. टाकीवरचा हार बाजूला सारून ती तिथंच टेकली.

"मुबीन सोडत न्हाई, मुबीन सोडत न्हाई. तू त्याला विचारलंस कवा?"

नंदीश टाकीवरचा हार नीट करायला लागला.

"म्हणजे सात वर्षं झाली आणि तू विचारलंच न्हाईस? मग घोडं पेंड कुटं खातंय तेवढं सांग मला!"

"त्याच्याशी बोलणं न्हाई माझं."

"तोंड काय भाड्यानं दिलंय? मला वाजवायचंय, नंद्या. माझी बोटं मोडायला लागली पोरांच्या वह्या तपासून. परवा त्याची मोहोळला वरात हाय, बारा वाजता. जा, पाय धर, काय करायचं ते कर, पण सुटून ये."

नंदीश गेला. एस.टी.त त्यानं भाषण पाठ केलं, माफीनं सुरू होणारं. मोहोळला उतरला तेव्हा ऊन असं की डांबर चपलेला चिकटत होतं. मंगल कार्यालय शोधावं लागलंच नाही. लांबूनच ट्रम्पेटवर ओळखीचे सूर आले. नळाला न्हाय, न्हाय तर न्हाय.

त्याचंच गाणं होतं. नवरदेवाच्या घोड्यापुढं दोन मावश्या पदर खोचून नाचत होत्या. फेटा बांधलेला एक म्हातारा काठी हवेत फिरवत "हाय की! हाय की!" ओरडत होता. लाल कोट आणि सोनेरी पट्ट्या घातलेला मुबीन घामानं निथळत साइड ड्रम बडवत होता, आणि मध्येच एक ठोका असा चुकवत होता की नाचणाऱ्यांचा पाय हवेतच अडकावा. आपल्या गाण्यावर नाचता येतं, हे नंदीश पार विसरून गेला होता. राग यायला हवा होता. आला तो हेवा.

वरात आत गेली. मुबीननं कोट काढला आणि त्याला पाहिलं.

"क्या रे नंद्या. टाकी पोचवायला आलास?"

पाठ केलेलं भाषण कुठल्या कुठं गेलं. "चुकलं माझं," नंदीश म्हणाला. "त्या दिवशी दारात बोललो ते."

"हौ. चुकलंच." मुबीननं लिंबाखाली बसकण मारली आणि डबा उघडला. "बस. बायकोनं, जुलेखानं, वांगं दिलंय."

"मुबीन, मला सोड."

"कशातनं?"

"आणेतनं. भाकरीवरच्या."

मुबीनचा हात डब्यातच थांबला. "अजून ती धरून बसलास? अरे, लोकं काय बी लिहित्यात, मला वाटलं तुलाच गायचं न्हाई. मी म्हणलं, गाणं सुचंल तवा येईल हाक मारायला." त्यानं डब्यातली भाकरी घेतली, मोडली आणि अर्धी नंदीशच्या हातावर ठेवली. "घे. सोडला. अजून काय म्हणायचं असतंय?"

"एवढंच."

"मग गा की लका!"

सात वर्षांचं कुलूप, आणि निघायला अर्धं मिनिटसुद्धा लागलं नाही. नंदीश भाकरी हातात धरून बसला.

"पाच तारखेला मला लगीन न्हाई," मुबीन म्हणाला. "बोलावलंस तर येतो मी. अकरा गाणी हायत म्हणं, चंद्री सांगत हुती फोनवर. एक म्हणून दाखव."

"आत्ता? हितं?"

"हितं कोण ऐकतंय? सगळी जेवायला गेल्यात. म्हण, मी डब्यावर धरतो ठेका."

मुबीननं डब्याचं झाकण पालथं घालून बोटं वाजवायला सुरुवात केली. नंदीशनं श्वास घेतला, तोंड उघडलं. ठेका एकदा फिरून आला, दोनदा आला. "घसा बसलाय," नंदीश म्हणाला.

मुबीनची बोटं थांबली. "नंद्या, मी तुझ्या मागं बसायचो. तुझं तोंड लोकांनी बघितलंय, पाठ मी बघितलीय. बेंगळुरात तू नवं गाणं काढलंस, लोकं चहाला उठली, तवा तुझे खांदे कानापतूर वर गेले हुते. त्या दिवसापासनं खाली आले न्हाईत." मग त्यानं वांग्याची फोड त्याच्या भाकरीवर ठेवली. "जेव आधी."

परतीच्या एस.टी.त खिडकीची जागा मिळाली. खरं म्हणजे नंदीशनं आनंदानं नाचायला हवं होतं. तो मात्र अकरा गाणी मोजायला बसला. पहिल्याच्या दोन ओळी होत्या. दुसऱ्याची चाल होती, शब्द नव्हते. तिसरं तर पहिल्यासारखंच होतं. चौथ्याला नुसतं नाव. पुढं काहीच नव्हतं. सात वर्षं तो अकरा म्हणत आला होता आणि आईसारखाच त्याचाही त्यावर विश्वास बसला होता. आता आण नाही, मुबीन आडवा नाही, आणि पाच तारखेला शेकडो माणसांपुढं उभं राहून दोन ओळी म्हणायच्या? लोक परत चहाला उठतील. नंदीशला इतकी भीती वाटली की शेजारच्या बाईनं विचारलं, "उलटी होतीया का? पिशवी देऊ का?"

घरी महादेवी परातीत पीठ घेऊन बसली होती, पण मळत नव्हती, वाट बघत होती. "काय म्हणाला रे? सोडलं का? पहिलं गाणं मला ऐकव हां, गावाच्या आधी."

"न्हाई म्हणाला," नंदीशच्या तोंडून निघून गेलं.

महादेवीनं पिठाचा हात कपाळाला लावला. "मेल्याला काळीज न्हाई! माझ्या हातची भाकरी खाल्ली आणि असा उलटला!" ती मुबीनला शिव्या देत राहिली आणि नंदीश खाली मान घालून ऐकत राहिला. एकदाही त्यानं तिला थांबवलं नाही, आणि याची लाज त्याला वाटली. पण थांबवलं नाही. पुढं आठवडाभर चंद्रिकाचे फोन आले, तेही त्यानं घेतले नाहीत.

पाच मेला सकाळी आठपासूनच गोदामापुढं माणसं बसायला लागली. सहाशे तरी असतील. प्रत्येकाच्या पुढ्यात रिकामी बाटली. पुण्याचा ऋत्विज नावाचा दाढीवाला पोरगा, तहानलेल्यांचा म्होरक्या, ओठांवर बोट ठेवून सगळ्यांना रांगेत बसवत होता. सिद्धलिंगप्पा दुकानाच्या पायरीवर कपाळाला हात लावून बसले होते, कारण आज गिऱ्हाइकाला आत यायला वाटच नव्हती.

चंद्रिका आली ती खांद्याला बास लटकवूनच. नंदीशला वाटलं, हिला आता काय सांगायचं? पण तिनं काही विचारलंच नाही. ती हसत होती. बासची वायर जोडली, माईक चालू केला आणि म्हणाली, "सात वर्षं तुम्ही गप बसलात, शाबास तुमची. आज नंदीश बोलणार हाय. बोल, नंद्या."

सहाशे मोबाइल वर गेले. नंदीश माईकपुढं आला. समोरची एक पोरगी डोळे मिटून स्वतःशीच ओठ हलवत होती. या माणसांना काय पाहिजे, हे त्याला तिथं उभ्या उभ्या कळलं. यांना गाणं नको होतं. न गायलेली अकरा गाणी यांनी आपापल्या मनात म्हणून ठेवली होती, आणि त्यांच्यापुढं त्याच्या दोन ओळींचा काय पाड?

ऋत्विजनं हात जोडले. "दादा, एकच सांगा. मुबीननं सोडलं?"

नंदीशचे खांदे वर गेले. "मुबीननं... सोडलं न्हाई."

गर्दीतून एक सुस्कारा निघाला. दुःखाचा म्हणावा तर त्यात सुटका होती. कुणी डोळे पुसले, कुणी शेजाऱ्याला मिठी मारली. मागून एक जण मुबीनच्या नावानं ओरडला, त्याला चार जणांनी साथ दिली. नंदीशनं चंद्रिकाकडं पाहिलं. ती त्याच्याकडं बघतच नव्हती. तिची नजर फाटकाकडं होती.

फाटकाशी मुबीन उभा होता. पांढरा सदरा, हातात ड्रमच्या दोन काठ्या. मोहोळचं सगळं त्याच्याकडून फोनवर कळल्यावर तिनंच बोलावला होता, तिनंच गंमत म्हणून लपवून ठेवला होता. लाल कोटाशिवाय त्याला कुणी ओळखलं नाही. तो माणसांच्या मधून वाट काढत पुढं आला.

आता हा सांगणार, नंदीशला वाटलं. मोहोळ, लिंब, अर्धी भाकरी, सगळं सांगणार. आणि, खरं सांगायचं तर, त्याला तेच पाहिजे होतं. सांग बाबा. सांगून टाक. अब्रू गेली तर जाऊ दे, सहाशे माणसं थुंकून निघून जाऊ देत, हार निघू दे, अप्पा ती टाकी विकू देत. उद्या दोनच ओळी असतील, तर दोन म्हणीन. आयुष्यात पहिल्यांदा त्याला इतकं स्वच्छ काही पाहिजे होतं.

मुबीन त्याच्या शेजारी आला. आधी त्यानं नंदीशच्या चेहऱ्याकडं पाहिलं नाही, खांद्यांकडं पाहिलं. मग माईक घेतला.

"मी मुबीन," तो म्हणाला. "खरं बोलतोय त्यो. मी सोडला न्हाई. सोडणारबी न्हाई."

एकच गलका झाला. एक रिकामी बाटली आली आणि मुबीनच्या छातीवर आपटली, पाठोपाठ दुसरी. पायरीवरून महादेवी त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होती. मुबीननं माईक जागेवर ठेवला आणि नंदीशच्या पाठीवर हलकेच थाप मारली, कार्यक्रम सुरू होण्याआधी मारायचा तशी. त्यात राग नव्हता. रडू दडपणाऱ्या पोराला आईनं पदराआड घ्यावं, तसं काहीतरी त्या थापेत होतं, आणि तेच नंदीशला सोसेना. मुबीननं काठ्या खिशात खोचल्या आणि तो फाटकाकडं निघाला. थांब म्हणायला नंदीशला फाटकापर्यंतचा वेळ होता. गाडी चालू होईपर्यंतचाही होता. तो तोंड उघडून उभा राहिला आणि समोरचे मोबाइल ते टिपत राहिले.

चंद्रिकानं वायर काढली. बास पिशवीत घातली, चेन ओढली, पिशवी खांद्याला अडकवली. ती रागावली असती तर बरं झालं असतं.

"त्याच्याकडं गेलास तर त्यो सोडतो हे तुला ठाऊक हुतं," ती हळू आवाजात म्हणाली. "आता त्यानं सगळ्यांपुढं न्हाई म्हणलंय, गावंसं वाटलं तर कुणाकडं जाशील, नंद्या?"

ती गेली. ऋत्विजनं ओठांवर बोट ठेवलं, गलका हळूहळू निवला, सहाशे माणसं पुन्हा मांडी घालून बसली. मधोमध त्यांनी नंदीशसाठी एक जागा मोकळी ठेवली होती. तो जाऊन तिथं बसला.